अर्जेंटिनातल्या ब्रिटिश वकिलांची (कोर्टातले नव्हेत, सरकारी दूत) यादी बनवायचीय? मग नावांपासून सुरुवात करू नका

एका क्विझसाठी मी एकदा छातीठोकपणे लिहून दिलं होतं की अर्जेंटिनातला पहिला ब्रिटिश राजदूत म्हणजे वुडबाइन पॅरिश. झालं, समोरच्या एकाने सगळ्यांदेखत पकडलं, पॅरिश कधी राजदूत नव्हताच म्हणे, आणि तो बरोबर होता. तेव्हापासून मी असली यादी करताना एक्सेलमध्ये आधी पदाचा कॉलम करतो, नाव त्याच्यानंतर. तुम्हीही तसंच करा. नाव, पद, नेमकं कुठल्या सरकारकडे नेमलाय, आणि तारखेचे दोन कॉलम (दोन का ते पुढे सांगतो), शिवाय शेऱ्यासाठी एक रुंद कॉलम, तो लागतोच.

आता पदाचं एवढं काय? १८१५ च्या व्हिएन्ना काँग्रेसमध्ये वकिलांच्या पायऱ्या ठरल्या: सगळ्यात वर अँबॅसेडर, म्हणजे राजदूत, मग मिनिस्टर, मग शार्ज दफेर. अँबॅसेडर बड्या सत्तांनी एकमेकांकडे पाठवायचा, बाकीच्यांना मिनिस्टर, आणि त्याच्या ऑफिसला एम्बसी नाही तर लिगेशन म्हणायचं. कॉन्सुलचं खातं वेगळंच, तो व्यापार, जहाजं आणि आपल्या लोकांच्या अडचणी बघणारा. पॅरिश १८२४ मध्ये ब्यूनस आयर्सला उतरला तो कॉन्सुल जनरल म्हणून, कारण स्पेनपासून फुटलेल्या या देशाला लंडनने अजून मान्यताच दिली नव्हती. (आपल्याकडे मुंबईत तेव्हा एल्फिन्स्टन गव्हर्नर होता, काळ डोळ्यासमोर यावा म्हणून सांगतो.) मग २ फेब्रुवारी १८२५ ला मैत्री, व्यापार आणि नौकानयनाचा तह झाला, तीच मान्यता धरायची, आणि पॅरिश झाला शार्ज दफेर. म्हणजे माणूस एक, ओळी दोन. इकडे लंडनमध्ये राजा चौथ्या जॉर्जला हे बंडखोरांना मान्यता देणं मुळीच पसंत नव्हतं, पार्लमेंटपुढे त्याबद्दलचं भाषण वाचायची वेळ आली तेव्हा त्याने पाय दुखतो, कवळी सापडत नाही अशी कारणं दिली आणि भाषण लॉर्ड चॅन्सेलरने वाचलं, असं सांगतात. हे शेऱ्यात टाका, पण ‘असं सांगतात’ हे शब्द खोडू नका.

१८२६ मध्ये लॉर्ड पॉन्सनबी मिनिस्टर म्हणून आला, गाव त्याला अजिबात आवडलं नाही, पण ब्राझील आणि अर्जेंटिनाच्या लढाईत मध्यस्थी त्यानेच केली आणि १८२८ मध्ये त्यातून उरुग्वे हा वेगळा देश निघाला. तो असताना पॅरिशही तिथेच होता, त्यामुळे तारखा एकमेकांवर चढतात. घाबरू नका, चूक तुमची नाही.

तारखेचे दोन कॉलम का, तर नेमणूक एका दिवशी होते आणि समोरचं सरकार त्याला स्वीकारतं दुसऱ्या दिवशी, मध्ये कधी कधी बराच काळ जातो. उत्तम उदाहरण हेन्री सदर्न. १८४५ पासून ब्रिटन आणि फ्रान्सने प्लाता नदीची नाकेबंदी केली होती, ती निस्तरायला हा १८४८ मध्ये आला, पण ब्यूनस आयर्सचा हुकूमशहा रोसास पक्का, आधी तह मग स्वागत म्हणाला आणि त्याला अधिकृतपणे स्वीकारायचं लांबवतच राहिला. तह शेवटी नोव्हेंबर १८४९ मध्ये झाला. एकच तारीख लिहिली असती तर ही सगळी गंमत गेली असती.

‘कुठल्या सरकारकडे’ हा कॉलम लोक हमखास गाळतात. १८५० च्या दशकात ब्यूनस आयर्स प्रांत बाकीच्यांपासून फुटून वेगळा राहिला होता, बाकीच्या प्रांतांच्या संघाला कॉन्फेडरेशन म्हणत, त्याची राजधानी पाराना. १८५६ मध्ये नेमलेला विल्यम ख्रिस्ती हा मिनिस्टर कॉन्फेडरेशनकडचा, तेव्हा नुसतं ‘अर्जेंटिना’ लिहून मोकळं होऊ नका. हाच माणूस पुढे ब्राझीलला गेला आणि तिथे अशी काही भांडणं उकरून काढली की १८६३ मध्ये ब्राझीलने ब्रिटनशी संबंधच तोडले.

पहिला खरा राजदूत हवाय ना? १९२७. लिगेशनची एम्बसी झाली, आणि आधीपासून मिनिस्टर असलेला सर माल्कम रॉबर्टसनच राजदूत झाला, पुन्हा एक माणूस आणि दोन ओळी. तेव्हा तिथली रेल्वे बरीचशी ब्रिटिश कंपन्यांची, मांसाचा धंदा जोरात, त्यामुळे हे प्रमोशन खरं तर उशिराच झालं असं माझं मत.

रिकाम्या जागा भरताना मात्र नीट बघा. १९७६ च्या सुरुवातीला फॉकलंड बेटांवरून वाद चिघळला आणि राजदूत परत गेले, पण संबंध तुटले नव्हते, एम्बसी चालूच होती, फक्त वरची खुर्ची रिकामी. पुढचा राजदूत अँथनी विल्यम्स १९८० चा. २ एप्रिल १९८२ ला अर्जेंटिनाने बेटं घेतली तेव्हा मात्र संबंध खरंच तुटले, आणि ब्यूनस आयर्समध्ये ब्रिटनचं काम स्वित्झर्लंडने बघितलं, लंडनमध्ये अर्जेंटिनाचं काम ब्राझीलने. म्हणून १९८२ ते १९९० ही ओळ कोरी सोडायची नाही, तिथे ‘स्विस एम्बसी, ब्रिटिश हितसंबंध विभाग’ लिहायचं. कॉन्सुलर संबंध ऑक्टोबर १९८९ ला सुरू झाले, पूर्ण राजनैतिक संबंध फेब्रुवारी १९९० मध्ये, मग हम्फ्री मॉड राजदूत.

शोधायचं कुठे? नेमणुका लंडन गॅझेट या सरकारी पत्रात छापून यायच्या आणि ते ऑनलाइन फुकट बघता येतं. जुनी पत्रं लंडनच्या क्यू भागातल्या नॅशनल आर्काइव्ह्जमध्ये, १९०६ च्या आधीचा अर्जेंटिनाचा पत्रव्यवहार ‘एफओ ६’ (एफओ म्हणजे फॉरेन ऑफिस) या मालिकेत, कॅटलॉग घरबसल्या चाळता येतो. एक युक्ती सांगतो, सर्च करताना आयर्सच्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये आय काढून वाय टाका, जुन्या कागदांत तसंच लिहायचे, मी आधी अर्धा दिवस आजच्या स्पेलिंगने शोधत बसलो होतो आणि फारसं काही हाती लागेना.

आणि पॅरिशच्या शेऱ्याच्या कॉलमात मेगाथेरियम लिहायला विसरू नका. वकिली करता करता या गड्याने हत्तीएवढ्या नामशेष स्लॉथची हाडं गोळा करून लंडनला पाठवली होती.