दिवेलागणीला ‘घरी जायचंय’ म्हणणाऱ्या वडीलधाऱ्यांना कसे सांभाळावे

नाशिकमध्ये गंगापूर रोडवरच्या फ्लॅटमध्ये राहायला येऊन आम्हाला ११ वर्षे झाली, तरी अण्णा रोज दिवेलागणीला कापडी पिशवीत पंचा आणि चष्म्याचे रिकामे घर भरून दाराशी उभे राहतात आणि पंचवटीतल्या वाड्यात जायला निघतात. अल्झायमरच्या आजारात बहुधा अलीकडच्या आठवणी आधी पुसल्या जातात आणि जुन्या बराच काळ टिकतात. त्यामुळे त्यांच्या लेखी घर म्हणजे तो वाडाच असतो, आणि याला हट्ट म्हणणे अन्यायाचे आहे.

‘हेच आपले घर’ असा वाद घालू नये. मी एकदा पुराव्यादाखल वीजबिल दाखवले. अण्णांनी त्यावरचे स्वतःचे नाव अचूक वाचले, पण पिशवी काही खाली ठेवली नाही. त्यापेक्षा ‘अण्णा, वाड्यातल्या विहिरीला उन्हाळ्यात पाणी असायचे का हो?’ असे विचारून चहाचा कप हाती द्यावा. तरीही पाय थांबत नसतील, तर चपला घालून सोबत निघावे आणि सोसायटीला एक फेरी मारून परतावे. पुष्कळदा निघाल्याचे समाधान पुरते.

अंधार पडण्याआधीच दिवे लावावेत, कारण सावल्यांनी गोंधळ वाढतो. दुपारची झोप लांबू देऊ नये.

हा गोंधळ एक-दोन दिवसांत अचानक वाढला, तर ‘वयाचे आहे’ म्हणून सोडून न देता त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे. लघवीचा जंतुसंसर्ग, बद्धकोष्ठता किंवा नवे औषधही त्याला कारण असू शकते. विसरभोळेपणा नव्यानेच जाणवत असेल, तर बी-१२ आणि थायरॉइडची तपासणी करून घ्यावी, कारण त्यांची कमतरता औषधाने भरून काढता येते.

कडी नजरेच्या वर बसवावी, पण माणसाला एकटे कोंडून बाहेर जाऊ नये. वॉचमनला आणि कोपऱ्यावरच्या दुकानदाराला आजाराची कल्पना द्यावी. लपवण्यात काही अर्थ नाही. कोणी निघून गेलेच, तर जुन्या घराच्या वाटेवर आणि गंगेवर, म्हणजे आमच्याकडे गोदावरीच्या घाटावर, आधी शोधावे, आणि २४ तास वाट न पाहता ११२ वर कळवून ताजा फोटो द्यावा. एरवीच्या सल्ल्यासाठी ज्येष्ठ नागरिकांची १४५६७ ही हेल्पलाइन आहे. नाव आणि फोन नंबर खिशातल्या चिठ्ठीवर लिहून भागत नाही, कारण अण्णा ती कचरा समजून टाकून देतात. आम्ही नंबर लिहिलेली कापडी पट्टी सदऱ्याच्या आतून शिवून टाकली आहे.