कोंबड्या खुराड्यात शिरेनात? रात्री बॅटरी घेऊन बघा

पाऊस ओसरून ऑक्टोबरचं ऊन तापलं की परसातल्या कोंबड्यांना किड्यांचा उपद्रव वाढतो. अंडी घटली की आपण खाद्याला बोल लावतो. आधी कोंबडी हातात घ्या.

तुरा फिकट पडलाय का? तुऱ्यावर, डोळ्यांभोवती मोहरीहून बारीक, काळपट तपकिरी ठिपके दाटीने चिकटलेत आणि बोट लावलं तरी हलत नाहीत, तर त्या पिसवा. कुत्र्याच्या पिसवेसारख्या या टुणकन उडत नाहीत, तोंड रुतवून बसतात. देवीचे फोड समजून इथेच फसगत होते. पिल्लांच्या अंगावर त्या फार झाल्या तर रक्त कमी होऊन पिल्लं दगावतात.

शेपटीखालच्या पिसांत फुंकर मारा. पिवळसर किडे पळाले, पिसांच्या बुडाशी लिखांचे पांढरे पुंजके दिसले, तर उवा.

दिवसा काहीच सापडत नाही, पण तिन्हीसांजेला कोंबड्या खुराड्याऐवजी झाडावर चढतात, हे लक्षण मला सगळ्यात काळजीचं वाटतं. लाल कोळी (जाळं विणणारा नव्हे, बारीक किडा) आणि मोठी गोचीड दिवसा फळ्यांच्या फटीत लपतात, रात्री रक्त पितात. आमची खुडूक कोंबडी अंडी सोडून सारखी उठायची. रात्री बसायच्या दांडीखालून पांढरं फडकं फिरवलं, तर त्यावर रक्ताचे फराटे उठले. अंगावर एक किडा नव्हता!

म्हणून औषधही जागा बघून. कोळी आणि गोचीड असेल तर खुराडं रिकामं करा, फटी खरवडा, चुना लावा, जुना भुसा जाळा. उष्ण हवेत लाल कोळ्यांची नवी पिढी आठवड्याभरात तयार होते, त्यामुळे सात-आठ दिवसांनी पुन्हा तेच करा. पिसवांची अंडी जमिनीवर पडतात. खुराड्यातली वरची माती काढून टाका, कुत्र्यामांजरांकडेही बघा. चिकटलेल्या पिसवांवर व्हॅसलीन चोळा, मात्र डोळ्यात जाऊ देऊ नका. उवांसाठी कोरड्या मातीत चुलीची गार राख मिसळून कोंबड्यांना लोळायला जागा द्या. एवढ्याने उवा पूर्ण जात नाहीत, पण कमी होतात.

पिकावर मारून उरलेलं कीटकनाशक कोंबडीवर कधीही फवारू नका. पशुवैद्यकांकडून औषध आणा आणि किती दिवस अंडी खायची नाहीत, हे तिथेच विचारून घ्या.