टॉवेल रॉड लावायचाय? आधी एवढी तयारी करा

टॉवेल रॉडची तयारी हार्डवेअरच्या दुकानात नाही, घरातल्या टॉवेलपासून सुरू करायची. आपल्या सोलापूरच्या चादरीला भौगोलिक मानांकन आहे, तसंच टेरी टॉवेललाही आहे. घरोघरी चांगले जाड, मोठे टॉवेल असतात, पण बाथरूममधला रॉड बघावा तर नॅपकिनच्या मापाचा. म्हणून आधी टेप काढा आणि टॉवेल मोजा. अंघोळीचा मोठा टॉवेल साधारण ३० बाय ६० इंचांचा असतो. १८ इंची रॉडवर तो घड्या घालूनच टांगावा लागतो, आतली घडी ओलीच राहते आणि दुसऱ्या दिवशी कुबट वास मारते. २४ इंची रॉडवर तो बराचसा पसरतो. भिंत मोकळी असेल तर ३० इंचीच घ्या. वजनाचाही अंदाज हवा. ४५० जीएसएमचा, म्हणजे चौरस मीटरला ४५० ग्रॅम वजनाचा, असा टॉवेल कोरडा अर्धा किलो भरतो आणि ओला झाला की दुप्पट-तिप्पट. चार माणसांच्या घरात डबल रॉडपेक्षा दोन भिंतींवर दोन साधे रॉड मला बरे वाटतात. डबल रॉडवर मागच्या टॉवेलला हवाच लागत नाही.

मग जागा ठरवा. आपल्याकडे बहुतेक घरांत बादली-तांब्यानं अंघोळ होते, त्यामुळे पाणी शॉवरपेक्षा जास्त लांब आणि खालून उडतं. ६० इंची टॉवेल दुमडून टांगला की ३० इंच खाली लोंबतो. रॉड चार फुटांवर लावला तर टॉवेलचं टोक जमिनीपासून दीड फुटावर येतं, आणि तिथे साबणाचं पाणी हमखास पोचतं. पावणेपाच ते पाच फूट उंची धरा. घरातल्या सगळ्यात बुटक्या माणसाचा हात पोचतो का, ते त्याला उभं करूनच बघा. दार पूर्ण उघडून बघा, रॉडवर आपटत नाही ना. खिडकी किंवा एक्झॉस्ट फॅन जवळ असेल ती भिंत उत्तम. उन्हाळ्यात इथे कुठेही टांगलं तरी वाळतं. खरी परीक्षा आषाढ-श्रावणात, तेही फ्लॅटमधल्या बिनखिडकीच्या बाथरूममध्ये.

घरात वयस्कर माणसं असतील तर आणखी एक गोष्ट आत्ताच ठरवा. पाय घसरला की हात जवळच्या रॉडकडेच जातो, आणि टॉवेल रॉड माणसाचा भार पेलायला बनवलेला नसतो. आजी-आजोबांसाठी आधाराचा मजबूत दांडा वेगळा घ्या आणि तो जमिनीपासून ३३ ते ३६ इंचांवर लावा. दोन्हींचं काम एकाच दिवशी उरकेल. पैसे वाचवायचे असतील तर टॉवेल रॉड साधा घ्या, या दांड्यात काटकसर नको.

आता भिंत. टाईल्सच्या आत पाईप कुठून गेलेत हे कळल्याशिवाय ड्रिल हातात घेऊ नका. टाईल्स बसवण्याआधी काढलेले फोटो असतील तर शोधा, नसतील तर ज्यानं काम केलं त्या प्लंबरला विचारा. तेही जमत नसेल तर नळ, मिक्सर आणि गीझरच्या पॉईंटच्या सरळ वर, खाली आणि आडव्या रेषेत छिद्र पाडायचं टाळा, कारण पाईप बहुधा त्याच रेषांत असतात. स्विचबोर्डच्या वरची उभी पट्टीही सोडा, तिथून वायर जाते. मग एक रुपयाच्या नाण्यानं टाईल ठोकून बघा. भरीव आवाज आला तर ठीक. पोकळ वाजली तर मागे सिमेंट नाही, तिथे टाईल तडकायची भीती असते.

आपल्या गावात एक पथ्य नक्की पाळा: पाणी आलं, टाकी भरली, त्या दिवशी हे काम काढू नका. पाणी काही दिवसांच्या अंतरानं येतं. पाईपला छिद्र पडलं तर पुढच्या पाळीपर्यंतचं सगळं पाणी मोरीतून वाहून जाईल. टाकी उतरलेली असताना, दुपारच्या आत काम धरा, म्हणजे गरज पडली तर प्लंबर मिळतो. टाकीचा व्हॉल्व्ह आदल्या दिवशी फिरवून बघा. क्षार धरून तो जाम झालेला असतो आणि ते ऐन वेळी कळतं.

रॉड घेताना चकाकीवर जाऊ नका. बोअर आणि टँकरच्या जड पाण्याचे पांढरे डाग कशावरही पडतात, पण ३०४ ग्रेडचं स्टेनलेस स्टील किंवा क्रोम केलेलं पितळ टिकतं. २०२ ग्रेड स्वस्त असतो, पण ओलीत लवकर गंजतो. दुकानात लोहचुंबक लावून दाखवतात, त्यावर भरवसा ठेवू नका. ३०४ आणि २०२ दोन्ही जवळपास चिकटत नाहीत, त्यामुळे चुंबकानं फार तर साधं लोखंड ओळखता येतं. बिलावर ग्रेड लिहून मागा. सोबतचे स्क्रू बारीक आणि हलके असतील तर दोन इंची स्टेनलेस स्क्रू आणि प्लग (स्क्रू धरायला छिद्रात ठोकायची प्लास्टिकची गुल्ली) वेगळे घ्या, कारण टाईल आणि प्लास्टर ओलांडून प्लग विटेत रुतला पाहिजे. चिकटवायचे रॉड या जाड टॉवेलांसाठी घेऊच नका.

कामाच्या दिवशी टेप, पेन्सिल, पाणसळ, मास्किंग टेप आणि टाईलचं बिट हाताशी ठेवा. व्हिट्रिफाईड टाईल असेल तर डायमंड बिटच आणा. फरशी कोरडी, पायात चप्पल, गीझरचा स्विच बंद. खुणेवर टेपची फुली चिकटवा, म्हणजे बिट घसरत नाही. टाईलच्या कडेपासून निदान इंचभर आत राहा, ड्रिलचा हॅमर, म्हणजे ठोके मारणारा मोड, बंद ठेवून सावकाश सुरुवात करा, आणि टाईल पार झाल्यावरच भिंतीचं बिट लावून हॅमर चालू करा. बाहेर पडणारी भुकटी बघत राहा. टाईलनंतर करडी आली तर प्लास्टर, लाल आली की वीट लागली. फिकट भुकटी आली आणि बिट सहज आत गेलं तर सिपोरेक्सचा, म्हणजे हलक्या सच्छिद्र सिमेंटचा, ब्लॉक आहे, त्याला खास लांब प्लग लागतात. पेठेतल्या जुन्या घरांत काळा दगड लागू शकतो. तिथे जोर न करता इंचभर बाजूला नवी खूण घ्या. भुकटी ओली दिसली तर तिथेच थांबा आणि व्हॉल्व्ह बंद करा.

प्लग ठोकण्याआधी छिद्रात सिलिकॉनचा थेंब सोडा, म्हणजे भिंतीत ओल जाणार नाही. सिलिकॉन सुकायला एक दिवस द्या, मगच टॉवेल टांगा. रॉडच्या बुडाशी असलेला बारीक स्क्रू महिन्याभरानं ॲलन कीनं (षटकोनी टोकाच्या छोट्या पान्यानं) पुन्हा आवळा. पाना हरवू नये म्हणून तो बिलाबरोबर ठेवा. पुसायला ओलं फडकं आणि अधूनमधून पाण्यात मिसळलेलं व्हिनेगर पुरतं. फरशीचं ॲसिड रॉडला लागू देऊ नका, क्रोम उडतं आणि स्टीलवर टिपके पडतात.