मुंबईत महिलांची रग्बी सेव्हन्स पात्रता स्पर्धा: आठ संघ, एक मैदान, एक दिवस

सेव्हन्स म्हणजे सात-सात खेळाडूंची रग्बी. तिचा सामना चौदा मिनिटांचा, सात-सात मिनिटांचे दोन डाव. त्यामुळे पहिल्यांदा स्पर्धा भरवणाऱ्याला वाटतं, दिवसभरात तीस सामने सहज उरकतील. उरकत नाहीत. आणि पात्रता स्पर्धेत पुढच्या फेरीचं तिकीट पणाला असतं, त्यामुळे मैत्रीपूर्ण स्पर्धेत हसण्यावारी जाणारी गोष्ट इथे लेखी तक्रार होऊन टेबलावर येते. म्हणून मैदान आखण्याआधी कागद आखायला बसा.

वेळापत्रक

मध्यंतर दोन मिनिटांपर्यंत, दुखापतीने थांबलेला खेळ, संघांनी आत-बाहेर करणं हे सगळं धरून एका सामन्याला २२ मिनिटं लागतात. २० मिनिटांचा हिशेब कागदावर छान दिसतो, पण दोन दुखापती झाल्या की दुपारपर्यंत तासभर उशीर झालेला असतो.

आठ संघ, चार-चारचे दोन गट. साखळीचे १२ सामने, म्हणजे २६४ मिनिटं. सकाळी साडेसातला पहिली किक मारली तर अकरा चोपन्नला साखळी संपते. ऊन उतरेपर्यंत मोठी सुट्टी द्या आणि अडीचला बाद फेरी सुरू करा. २:३० आणि २:५२ ला पाच ते आठ क्रमांकांचे उपांत्य सामने, ३:१४ आणि ३:३६ ला मुख्य उपांत्य, मग सातव्या, पाचव्या आणि तिसऱ्या जागेचे सामने, आणि ५:०४ ला अंतिम. एकूण वीस सामने. डिसेंबरच्या सुरुवातीला मुंबईत सहाच्या सुमारास सूर्य मावळतो. अंतिम सामना साडेपाचला ठेवला आणि जादा वेळ लागला, तर चेंडू दिसेनासा होतो.

गटातल्या संघांना मानांकनाने १ ते ४ क्रमांक द्या. पहिल्या फेरीत २-३ आणि १-४, दुसरीत २-४ आणि १-३, तिसरीत ३-४ आणि १-२. प्रत्येक फेरीत आधी अ गटाचे दोन सामने, मग ब गटाचे दोन, आणि हा क्रम मोडू नका. असं केलं की कुठल्याही संघाच्या दोन सामन्यांच्या सुरुवातींमध्ये किमान ६६ मिनिटं राहतात, म्हणजे पाऊण तासाच्या वर खरी विश्रांती. "पाहुणे संघ लांबून आलेत, त्यांचे सामने लवकर उरका" असा आग्रह हमखास होतो. तो मान्य केला की कुणाला तरी लागोपाठ दोन सामने खेळावे लागतात, आणि दमलेल्या पायांनी केलेला टॅकल (चेंडू घेऊन धावणारीला धरून पाडणं) वर, मानेकडे जातो.

पुढे तीन संघ जाणार असतील तर एक गोष्ट बहुतेक जण विसरतात. अंतिम सामन्यातले दोन्ही संघ आधीच पात्र झालेले असतात. दिवसातला सगळ्यात तापलेला सामना असतो तिसऱ्या जागेचा, तेव्हा सगळ्यात अनुभवी रेफरी तिथे द्या. अंतिम सामन्याचा मान कुणाचा, यावर रुसवेफुगवे झाले तर होऊ देत. वीस सामन्यांना सहा रेफरी हवेतच. शिट्टी नसेल तेव्हा तेच टच-जज (कडेच्या रेषेवरचे पंच) आणि इन-गोल जज (टोकाच्या पट्टीवरचे पंच) होतात.

बरोबरी झाली तर

विजयाला ३, बरोबरीला २, पराभवाला १ आणि मैदानात न उतरणाऱ्याला ० गुण. साखळीत जादा वेळ नाही. एवढं सगळ्यांना पाठ असतं. घोळ होतो तो तीन संघ समान गुणांवर आले की.

क, ख, ग, घ असा गट घ्या. कने खला १४-१२ हरवलं, खने गला ३३-५, गने कला ७-५. घला कने २४-०, खने १२-० आणि गने ३१-० असं हरवलं. तिघांचे गुण सात-सात. तिघांत आपसातला निकाल उपयोगी नाही, कारण प्रत्येकाने एकाला हरवलंय. गुणफरक (सामन्यांत केलेले गुण वजा दिलेले गुण) काढला तर ख अधिक ३८, क अधिक २४, ग अधिक ५. ख पहिला, यावर वाद नाही. आता दुसरा कोण? गुणफरकाचीच यादी पुढे चालवली तर क. पण ख बाजूला काढल्यावर उरलेल्या दोघांना पुन्हा पहिल्या निकषापासून तपासलं तर ग, कारण गने कला हरवलंय. दोन्ही पद्धती तर्काला धरून आहेत. नियमावलीत यातली एक लिहिलेली नसेल, तर दुपारी बारा वाजता दोन प्रशिक्षक तुमच्या टेबलावर मुठी आपटत असतील आणि दोघंही बरोबर असतील.

म्हणून निकष क्रमाने लिहा: दोन संघांत बरोबरी असेल तर आपसातला निकाल, मग गुणफरक, ट्रायफरक (ट्राय म्हणजे समोरच्यांच्या रेषेपलीकडे चेंडू जमिनीला टेकवणं), केलेले एकूण गुण, एकूण ट्राय, शेवटी नाणेफेक. तीन संघ असतील तर थेट गुणफरकापासून सुरुवात, आणि एक जागा ठरल्यावर उरलेल्यांसाठी यादी पुढे चालवायची की पुन्हा वरून सुरू करायची, हे एका स्वच्छ वाक्यात. अर्ध्यातून माघार घेतलेल्या संघाचे आधीचे निकाल धरायचे की पुसायचे, तेही. आदल्या संध्याकाळच्या बैठकीत प्रत्येक व्यवस्थापकाची त्या पानावर सही घ्या.

बाद फेरीत बरोबरी झाली तर एक मिनिट थांबून नव्याने नाणेफेक, मग पाच-पाच मिनिटांचे जादा डाव. पहिला गुण करणारा संघ जिंकला.

मैदान

खेळाची जागा १०० बाय ७० मीटर. दोन्ही टोकांना दहा-दहा मीटर इन-गोल (ट्राय लाइनमागची पट्टी) आणि चारी बाजूंनी पाच मीटर मोकळी पट्टी धरली की १३० बाय ८० मीटर लागतात. ओव्हल, क्रॉस किंवा आझाद मैदानावर एवढी जागा दिसते खरी, पण मध्ये क्रिकेटच्या खेळपट्ट्या असतात. रोलर फिरवून टणक झालेल्या त्या मातीवर टॅकल झाला तर कोपर, खांदा, डोकं, काहीही जाऊ शकतं. वर चटई अंथरणं हा उपाय नव्हे, ती सरकते. आखणी अशी फिरवा की खेळपट्टी रेषांच्या बाहेर जाईल, आणि ते जमत नसेल तर मैदान बदला. शेजारी क्रिकेटचा सामना चालू असेल तर उंच फटक्याचा बंदोबस्त आधी करा.

काटकोन डोळ्यांनी साधत नाही. टेपने कोपऱ्यापासून एका बाजूला ३० मीटर, दुसऱ्या बाजूला ४० मीटर मोजा आणि दोन खुंट्यांमधलं अंतर नेमकं ५० येईपर्यंत खुंटी सरकवा. शेवटी खेळाच्या जागेचे दोन्ही कर्ण मोजा. प्रत्येकी १२२ मीटर ७ सेंटिमीटर यायला हवेत.

सलग रेषाच सुमारे ७३० मीटर भरतात, तुटक रेषा वेगळ्या. फक्की आणताना पोत्यात चुना नाही ना, हे बघा. क्रिकेटमध्ये चुन्यावर फार तर बूट पडतो. रग्बीत ट्राय लाइनवर खेळाडूचा चेहरा घासतो, आणि ओला चुना कातडी भाजतो, डोळ्यात गेला तर नजरेवर येतं. खडूची पूड किंवा पाण्यात मिसळलेला पांढरा रंग वापरा. दवाने फक्की पुसट होते, तेव्हा पहाटे साडेसहाला ट्राय लाइन आणि टच-लाइन (कडेच्या लांब रेषा) पुन्हा ओढा.

गोलचे खांब एकमेकांपासून ५.६ मीटरवर, आडवी दांडी ३ मीटर उंचीवर. खांबांना जमिनीपासून डोक्याच्या वरपर्यंत फोम बांधा, मात्र तो ट्राय लाइनपासून ३० सेंटिमीटरच्या पुढे येऊ देऊ नका. झेंडे चौदा, किमान १.२ मीटर उंच आणि वाकणारे. लोखंडी सळीला कापड बांधून झेंडा करू नये. शेवटी पाच-सहा जणांनी हातभर अंतरावर रांग धरून मैदानभर फेरी मारावी. बाटलीची काच, खिळे, खडे यात निघतात, एरवी नाही.

पावसाळ्यात मुंबईत रग्बी खेळण्याची जुनी रीत आहे आणि मऊ मातीवर पडायला बरंही वाटतं. पण एका मैदानावर वीस सामने झाले की चौथ्या तासाला चिखलात जर्सीचे नंबर वाचता येत नाहीत. पात्रतेसाठी डिसेंबर-जानेवारीच बरा, ऑक्टोबरचा उकाडा तर नकोच.

खेळाडू पोचणं आणि कपडे बदलणं

रविवार म्हटला की मेगाब्लॉक. कल्याण, पनवेलकडून येणारे संघ सकाळी ब्लॉकच्या आधी पोचतात, अडकू शकतात ते परतताना. ब्लॉकचं वेळापत्रक जाहीर झालं की ते प्रत्येक व्यवस्थापकाला पाठवा आणि लांबच्या संघांचा पहिला सामना आठनंतर ठेवा.

मंडपाच्या कापडी आडोशाला चेंजिंग रूम म्हणू नका. आतून कडी लागणारी खोली, चालू नळ, स्वच्छ शौचालय, कचऱ्याचा झाकणाचा डबा आणि सॅनिटरी पॅड हवेत, आणि दारावर महिला स्वयंसेवक. खोलीच्या किल्ल्या कुणाकडे आहेत ते शनिवारीच पक्कं करा, कारण रविवारी सकाळी सहाला पॅव्हिलियनचा शिपाई फोन उचलत नाही. संघांना गडद रंगाच्या शॉर्ट्स सुचवा, पांढऱ्या नकोत. लांब टाइट्सना परवानगी आहे. कानातलं, नाकातली चमकी, अंगठी, बांगडी काढायचीच, वर टेप लावलेली चालत नाही. मंगळसूत्र काढायचं तर ते ठेवायला नावाची चिठ्ठी लावलेल्या पिशव्या टेबलावर ठेवा, म्हणजे ऐनवेळी हुज्जत होत नाही.

आठ संघांच्या बारा-बारा खेळाडू, प्रशिक्षक, रेफरी, स्वयंसेवक मिळून १३० माणसं. माणशी चार लिटर धरून २० लिटरचे जार सव्वीस लागतात, तीस मागवा. दुखापतीसाठी बर्फाच्या लाद्या वेगळ्या आणा आणि त्या पाण्यात टाकू देऊ नका.

टेबल आणि डॉक्टर

टेबलावर दोन घड्याळं. एक सामन्याचं, दुसरं पिवळ्या कार्डाच्या दोन मिनिटांसाठी. खेळ थांबला की दोन्ही थांबतात. ट्रायनंतरची ड्रॉप किक (चेंडू हातातून टाकून उसळताच मारलेली) ३० सेकंदांत व्हायला हवी, आणि ज्यांनी गुण केले तेच पुन्हा किक-ऑफ करतात. फुटबॉलच्या सवयीचा स्कोअरर इथे हमखास चुकतो. बदल पाचपर्यंत, आणि प्रत्येक बदलाची चिठ्ठी टेबलावर आल्याशिवाय खेळाडू आत नाही.

संघयादी, ओळखपत्रं आणि नोंदणी क्रमांक शनिवारीच तपासा. अठराखालच्या मुलीला खेळवायचं असेल तर संघटनेची लेखी परवानगी यादीला जोडलेली हवी. स्पर्धेला राज्य संघटना आणि रग्बी इंडियाची (देशाची रग्बी संघटना) मान्यता नसेल, तर ती पात्रता स्पर्धा ठरतच नाही.

डॉक्टर, स्ट्रेचर आणि मैदानाच्या फाटकाशी तोंड बाहेर करून उभी रुग्णवाहिका आल्याखेरीज पहिली किक नाही. १०८ ला फोन करता येतो, पण तो राखीव उपाय. डोक्याला मार लागल्याची नुसती शंका आली तरी ती खेळाडू त्या दिवशी परत उतरत नाही. ती "मी ठीक आहे" म्हणेल, प्रशिक्षक घड्याळाकडे बघेल, तरी डॉक्टरांचा शब्द शेवटचा. हे वाक्य सही घेतलेल्या पानावर असू द्या.

प्रत्येक सामन्यानंतर गुणपत्रकावर दोन्ही व्यवस्थापकांच्या सह्या घेऊन लगेच फोटो काढा. अंतिम सामन्यानंतर खांब उपटले की खड्डे मातीने भरा, पाणी मारा आणि ठोकून घट्ट करा. सोमवारी सकाळी त्याच जागी क्रिकेटवाली मुलं धावत येणार आहेत.