हप्ता परवडतो, पण घर कितीला पडतं? गृहकर्जातल्या या चुका टाळा

माझ्या मावसभावाने २०२१ च्या सप्टेंबरात पिंपरी-चिंचवडला टू बीएचके घेतला. ५० लाखांचं कर्ज, ६.७५ टक्के दर, २० वर्षं मुदत, हप्ता ३८,०१८ रुपये. तेव्हा रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो) ४ टक्क्यांवर होता आणि इतकं स्वस्त गृहकर्ज पुन्हा मिळणार नाही असं जो तो सांगत होता. ते खरंही होतं. पण तो दर आयुष्यभराचा नाही, हे कुणी सांगितलं नाही.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला. भाऊ मात्र निवांत. "आमच्या बँकेने हप्ता एक रुपयाने वाढवला नाही," असं तो दिवाळीच्या फराळाला अभिमानाने सांगायचा. मार्चमध्ये आयकराच्या कामासाठी व्याजाचा दाखला काढला, तेव्हा आम्ही दोघे हिशोबाला बसलो. शिल्लक मुद्दल ४८ लाख ६८ हजार, दर ९.२५ टक्के. महिन्याचं व्याज ३७,५२४ रुपये. हप्ता ३८,०१८. म्हणजे मुद्दलात जमा होत होते ४९४ रुपये. त्या चालीने कर्ज फिटायला ४७ वर्षं लागली असती, आणि तो तेव्हा ३६ वर्षांचा होता.

बँक अर्थात ४७ वर्षं देत नाही. मुदत निवृत्तीच्या वयापर्यंत ताणून झाली, तरी पुरेना, मग हप्ता ४२ हजारांच्या वर नेल्याचा मेसेज आला. साडेअठरा वर्षं उरली होती त्याची चोवीस झाली आणि वर हप्ताही वाढला.

या लेखातल्या बहुतेक चुका एकाच ठिकाणी उगवतात. आपण हप्त्याकडे बघतो आणि मुदतीकडे बघत नाही.

चूक: "हप्ता तेवढाच आहे" म्हणून गप्प बसणं

फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या कर्जात दर वाढला की बँकेपुढे दोन वाटा असतात, हप्ता वाढवायचा किंवा मुदत. ग्राहक ओरडत नाही ती वाट म्हणजे मुदत, म्हणून वर्षानुवर्षं तीच निवडली गेली. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने यावर नियम घातला. दर बदलल्यावर हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडं थोडं हे ग्राहकाला निवडू द्यायचं, आणि दर तिमाहीला आतापर्यंत किती मुद्दल व किती व्याज वसूल झालं, किती हप्ते उरले याचं साधं विवरण द्यायचं. ते विवरण ईमेलमध्ये किंवा बँकेच्या ॲपमध्ये कुठेतरी पडलेलं असतं. उघडा.

तपासायला कॅल्क्युलेटरही पुरतो. शिल्लक मुद्दल गुणिले व्याजदर, भागिले १२००. हे झालं या महिन्याचं व्याज. हप्त्यातून ते वजा करा, उरेल तेवढंच तुमचं घर या महिन्यात तुमचं झालं. हा आकडा चिमुकला निघाला, तर शाखेत जाऊन हप्ता वाढवून देण्याचा लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. तोंडी सांगून काही होत नाही, हे लिहून ठेवा.

उलटही होतं. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या पाच महिन्यांत रेपो ६.५ वरून ५.५ वर आला. अशा वेळी "हप्ता कमी करून द्या" म्हणत धावू नका. हप्ता तोच राहू द्या, मुदत खाली येऊ द्या. आणि दर कमी झालाच नाही असं दिसलं, तर कर्ज कशाला जोडलेलं आहे ते बघा. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडणं सक्तीचं आहे आणि दर निदान तीन महिन्यांतून एकदा बदलावा लागतो. त्याआधीची कर्जं एमसीएलआर किंवा त्याहून जुन्या बेस रेटवर, म्हणजे बँकेने स्वतःच्या खर्चावरून ठरवलेल्या दरांवर, अडकलेली असू शकतात. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना तर हा नियम लागूच नाही, त्या स्वतःच्या दराने चालतात. त्यांचा दर वर जाताना लिफ्टने जातो आणि खाली येताना जिन्याने.

चूक: मुदत "जमेल तेवढी लांब" घेणं

५० लाख, ८.५ टक्के. १५ वर्षांसाठी हप्ता ४९,२३७ आणि एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार. २० वर्षांसाठी हप्ता ४३,३९१, व्याज ५४ लाख १४ हजार. ३० वर्षांसाठी हप्ता ३८,४४६, व्याज ८८ लाख ४१ हजार.

वीसवरून तीसवर जाताना महिन्याला ४,९४५ रुपये वाचतात आणि त्यासाठी ३४ लाखांहून जास्त व्याज भरावं लागतं. एजंट पहिला आकडा सांगतो, दुसरा सांगत नाही.

आता थोडं दुसऱ्या बाजूनेही बोलायला हवं, कारण हे आकडे दाखवून घाबरवणारे व्हिडिओ ढिगाने आहेत. पंचवीस वर्षांनंतरचे ३८ हजार म्हणजे आजचे ३८ हजार नव्हेत. महागाई कर्जदाराच्या बाजूने असते, पगारही वाढतो. त्यामुळे सुरुवातीला ओढाताण होत असेल तर लांब मुदत घेणं मूर्खपणाचं नाही. पण मग पगारवाढ होईल तसा हप्ता वाढवायचा, हे स्वतःशी ठरवलेलं हवं. माझ्या ओळखीतल्या दहाजणांनी तसं ठरवलं होतं, केलं दोघांनी.

चूक: मुद्दल उशिरा फेडणं

हा भाग सगळ्यात जास्त पैशांचा आहे आणि सगळ्यात कमी समजलेला.

वरच्याच २० वर्षांच्या कर्जात पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटतं ७,९७४. पाच वर्षं नियमित भरल्यावर तुमच्या खिशातून २६ लाख गेलेले असतात आणि कर्ज कमी झालेलं असतं ५ लाख ९४ हजारांनी. लोकांना वाटतं बँकेने फसवलं. फसवलेलं नाही. शिल्लक जास्त म्हणून व्याज जास्त, इतकाच तो हिशोब. पण याचाच अर्थ, सुरुवातीला टाकलेला प्रत्येक जादा रुपया फार काम करतो.

पहिलं वर्ष संपताना २ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे २१ हप्ते गळतात. म्हणजे ९ लाखांवर रक्कम. तेच २ लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर सातेक हप्ते गळतात, ३ लाखांच्या आसपास. एफडीत साठवून "एकदम मोठी रक्कम भरू" म्हणणाऱ्यांनी हे दोन आकडे शेजारी ठेवून बघावेत. दरवर्षी बोनस आला की एक हप्ता जादा भरा, इतकंच केलं तरी २० वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांच्या पुढे-मागे संपतं आणि दहा लाखांच्या घरात व्याज वाचतं.

भरताना एक गोम आहे. पार्ट पेमेंटनंतर काही ठिकाणी प्रणाली आपोआप हप्ता कमी करते आणि मुदत जैसे थे ठेवते. मग वरचा फायदा बराचसा निघून जातो. अर्जात स्पष्ट लिहा: "हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी." आठवड्याने नवं वेळापत्रक मागवून शेवटची तारीख तपासा. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचं शुल्क घेता येत नाही, कुणी मागितलं तर देऊ नका. फिक्स दराच्या काळातलं कर्ज असेल तर मात्र करारातलं कलम आधी वाचा.

आणि हे सगळं सहा महिन्यांचा खर्च बाजूला ठेवून झाल्यावर. भिंतीत घातलेला पैसा दवाखान्यात उपयोगी पडत नाही.

चूक: कमी दराच्या मोहात घड्याळ पुन्हा शून्यावर नेणं

वरच्याच २० वर्षांच्या कर्जाला पाच वर्षं झाली, शिल्लक ४४ लाख ६ हजार, १५ वर्षं उरली. दुसरी बँक ८ टक्क्यांनी घेते म्हणते, "हप्ता साडेसहा हजारांनी कमी होईल, सर." होतो. कारण ती नव्याने २० वर्षं मांडते. हप्ता ३६,८५५ वर येतो आणि एकूण भरणा जुन्या कर्जापेक्षा १० लाखांनी वाढतो. दर कमी होऊनसुद्धा!

तेच कर्ज १५ वर्षांतच फेडायचं ठरवून हलवलं तर हप्ता ४२,१०८ होतो आणि २ लाख ३१ हजार वाचतात. त्यातून प्रोसेसिंग फी, वकिलाची व मूल्यांकनाची फी आणि गहाणखताचं मुद्रांक शुल्क वजा करा. उरलं तर जा. त्याआधी आहे त्याच बँकेत दर कमी करून देण्याचा अर्ज टाका. थोडं रूपांतर शुल्क घेऊन बँका स्प्रेड (मूळ दरावर लावलेला जादा टक्का) कमी करतात. नव्या ग्राहकाला जो दर जाहिरातीत देतात तो जुन्याला आपणहून देत नाहीत. मागणाऱ्याला देतात.

चूक: विमा कर्जात मिसळू देणं

सह्यांच्या गठ्ठ्यात कर्जसुरक्षा विम्याचा अर्ज असतो. प्रीमियम समजा दीड लाख, "खिशातून काही द्यायचं नाही, कर्जातच टाकतो." ८.५ टक्क्यांनी २० वर्षांत ते दीड लाख ३ लाख १२ हजारांना पडतात. विमा हवाच, पण वेगळा टर्म प्लॅन घ्या. कर्ज हलवलं, फेडलं तरी तो चालू राहतो. "विमा घेतला नाही तर मंजुरी मिळणार नाही" असं सांगितलं तर ते ईमेलवर लिहून मागा. सूर बदलतो, स्वानुभव आहे.

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक रिटेल (म्हणजे गृहकर्जासारख्या, व्यक्तीला दिलेल्या) कर्जासोबत मुख्य तथ्यांचं विवरणपत्र देणं बंधनकारक आहे. त्यात सगळी शुल्कं धरून येणारा वार्षिक दर असतो. दोन बँकांची तुलना त्या दराने करा, जाहिरातीतल्या दराने नको.

चूक: घराच्या किमतीलाच खर्च समजणं

पुण्यात ७० लाखांचा बांधकाम चालू असलेला फ्लॅट. बँक जास्तीत जास्त ८० टक्के देणार, म्हणजे १४ लाख तुमचे. मुद्रांक शुल्क ७ टक्क्यांनी ४ लाख ९० हजार (घर फक्त महिलेच्या नावावर असेल तर एक टक्का सवलत), नोंदणी ३० हजार, जीएसटी ५ टक्क्यांनी साडेतीन लाख. ताबा मिळण्याआधीच २२ लाख ७० हजार रोख लागले, आणि अजून पंखेसुद्धा लागलेले नाहीत. ही रक्कम पर्सनल लोनने भरणं ही घरखरेदीतली सगळ्यात महाग चूक. त्यापेक्षा घर वर्षभर पुढे ढकला किंवा एक खोली कमी घ्या.

बांधकाम चालू असताना बरेचजण प्री-ईएमआय निवडतात, म्हणजे बिल्डरला दिलेल्या रकमेवर फक्त व्याज. मुद्दल तसूभर हलत नाही. प्रकल्प दोन वर्षं रखडला तर दोन वर्षं भाडं आणि व्याज दोन्ही. शक्य असेल तर पूर्ण हप्ता सुरू करा.

करसवलतीचं गणित मी थोडक्यातच सांगतो, कारण तिचा बाऊ फार झालाय. पहिल्या वर्षी वरच्या ५० लाखांच्या, २० वर्षांच्या कर्जाचं व्याज ४ लाख २१ हजार जातं. स्वतः राहत्या घरासाठी जुन्या करप्रणालीत त्यातले २ लाखच वजा करता येतात. ३० टक्क्यांच्या टप्प्यात उपकर धरून वाचतात ६२,४०० रुपये. नव्या प्रणालीत ही वजावट नाहीच. "कर वाचतो म्हणून कर्ज चालू ठेवतो" म्हणणाऱ्याला हे दोन आकडे दाखवा.

शेवटच्या हप्त्यानंतर

कर्ज फिटलं की ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत द्यायची आणि मालमत्तेवरचा बोजा उतरवायचा, असा नियम आहे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. १ डिसेंबर २०२३ पासून हे लागू आहे. शाखेत जाताना सुरुवातीला दिलेल्या कागदांची यादी सोबत न्या, एकेक पान ताडून घ्या, ना-देणी दाखला घ्या. नोटीस ऑफ इंटिमेशन (घराचे कागद बँकेकडे ठेवून कर्ज घेतल्याची सूचना) किंवा गहाणखत दुय्यम निबंधकांकडे नोंदवलेलं असेल तर तिथली नोंदही बंद करून घ्या. आणि सोसायटीच्या कार्यालयात एक चक्कर मारा. तिथल्या नोंदवहीत बँकेचा बोजा तसाच राहतो, आणि तो सापडतो पुढे फ्लॅट विकायला काढल्यावर, गिऱ्हाईक समोर बसलेलं असताना.