नव्या लॅपटॉपवर विंडोज टाकताना डिस्क दिसत नसेल तर

विंडोजचा सेटअप नीट सुरू होतो, आणि डिस्क निवडायच्या पानावर आल्यावर यादी रिकामी. फार तर आपलाच पेनड्राइव्ह दिसतो. इंटेल प्रोसेसरच्या अकराव्या पिढीपासूनच्या लॅपटॉपवर हे नेहमीचंच आहे. एसएसडी, म्हणजे आतली डिस्क, गेली असं समजून लॅपटॉप घेऊन थेट दुरुस्तीचं दुकान गाठायच्या आधी बायोस, म्हणजे विंडोजच्याही आधी उघडणारा मशीनचा सेटिंग मेनू, उघडा. त्यासाठी लॅपटॉप चालू करताच दाबायचं बटण: एसर, असूस, डेलला एफ२, एचपीला एफ१०. तिथे एसएसडीचं नाव दिसलं तर बहुतेक डिस्क ठणठणीत आहे, अडलंय ते ड्रायव्हरवर, म्हणजे विंडोजला तो भाग ओळखायला मदत करणाऱ्या छोट्या प्रोग्रामवर.

या मशीनांत एनव्हीएमई प्रकारची एसएसडी व्हीएमडी नावाच्या इंटेलच्या कंट्रोलरमागे असते, आणि मायक्रोसॉफ्टच्या आयएसओमध्ये, म्हणजे विंडोज टाकायच्या मूळ फाइलमध्ये, त्याचा ड्रायव्हर सहसा नसतो. तो आपणच पुरवायचा.

दुसऱ्या चालू कॉम्प्युटरवर लॅपटॉप कंपनीच्या सपोर्ट पानावरून, आपल्याच मॉडेलचा, इंटेल रॅपिड स्टोरेज म्हणजे आरएसटीचा ड्रायव्हर उतरवा. तिथे नसेल तर इंटेलच्या साइटवरून घ्या: अकराव्या पिढीला १९ ने सुरू होणारी आवृत्ती, बाराव्या किंवा त्यापुढच्या पिढीला २० ची. इथेच बहुतेकांचं फसतं. मिळते ती ‘सेटअपआरएसटी’ नावाची ईएक्सई फाइल, आणि ती तशीच पेनड्राइव्हवर टाकून काही होत नाही. सेटअपला आयएनएफ, सिस आणि कॅट अशा सुट्या फाइली लागतात. त्यासाठी ईएक्सई असलेल्या फोल्डरमध्ये कमांड प्रॉम्प्ट उघडा, ईएक्सईचं नाव लिहा, जागा सोडून वजाचं चिन्ह, त्याला चिकटून ‘एक्स्ट्रॅक्टड्रायव्हर्स’ हा इंग्रजी शब्द सलग, पुन्हा जागा सोडून नव्या फोल्डरचं नाव. त्या फोल्डरात ‘आयएस्टोरव्हीडी’ नावाची आयएनएफ फाइल सापडली की काम झालं. ती असलेला अख्खा फोल्डर विंडोजच्याच पेनड्राइव्हवर ठेवा.

यूएसबी माउस जवळ असू द्या. सेटअपमध्ये टचपॅड पुष्कळदा हलतच नाही.

आता रिकाम्या यादीच्या पानावर ‘लोड ड्रायव्हर’, मग ‘ब्राउझ’ करून तो फोल्डर दाखवा. दोन-तीन नावं येतील. त्यातलं ‘व्हीएमडी कंट्रोलर’ निवडा. पुढे ९ए०बी, ४६७एफ, ए७७एफ किंवा ७डी०बी असा क्रमांक असतो. ०९एबीवालं ‘मॅनेज्ड कंट्रोलर’ घेतलं तर डिस्क येत नाही. यादीच रिकामी असेल तर आवृत्ती चुकली आहे. ‘न जुळणारे ड्रायव्हर लपवा’ या चौकोनातली खूण काढून भलताच ड्रायव्हर रेटू नका. डिस्क दिसली की तिचा आकार ताडून पाहा आणि मगच पार्टिशनला हात लावा.

बायोसमध्ये व्हीएमडी बंद केलं की ड्रायव्हरशिवायही डिस्क दिसते, आणि दुकानांत घाईत तेच करतात. एसरच्या बऱ्याच मॉडेलांत हा पर्याय लपवलेला असतो, मेन टॅबवर कंट्रोल आणि एस दाबल्यावर उगवतो. पण पुढे बायोस अपडेट किंवा रीसेट झालं आणि सेटिंग मूळपदावर आलं, की निळा पडदा आणि ‘इनॲक्सेसिबल बूट डिव्हाइस’. आधीच विंडोज चालू असलेल्या मशीनवर हे सेटिंग बदललं तरी बहुधा हेच होतं. शिवाय डिस्क कुलूपबंद करणारं विंडोजचं बिटलॉकर चालू असेल तर ४८ आकडी रिकव्हरी की मागितली जाते. म्हणून दहा मिनिटं जास्त गेली तरी ड्रायव्हरचीच वाट धरावी.

एएमडी प्रोसेसरच्या मशीनवर रेड, म्हणजे अनेक डिस्क एकत्र जोडून वापरायची सोय, चालू असेल तर तीन ड्रायव्हर लागतात, तेही याच क्रमाने: आरसीबॉटम, आरसीरेड, आरसीसीएफजी. रेड नसेल तर काहीच लागत नाही.

‘मीडिया ड्रायव्हर मिसिंग’ असा संदेश डिस्कच्या पानाआधीच आला, तर आरएसटीमागे लागू नका. बहुतेक वेळा आयएसओ अर्धवट उतरलेला असतो किंवा पेनड्राइव्ह नीट बनलेला नसतो. पेनड्राइव्ह नव्याने बनवा, दुसऱ्या पोर्टात लावून पाहा. आणि त्यावर वायफायचा ड्रायव्हरही टाकून ठेवा; विंडोज ११ शेवटच्या टप्प्यात इंटरनेट मागतं.