अपघाताच्या केसमध्ये कोर्ट पैसे कसे धरते, अन् वावरात राबणाऱ्यानं काय पुरावे जमवावे

गाडीनं उडवलं, पाय मोडला, की दवाखान्यातून सुट्टी होते न होते तोच कोणीतरी सांगते का अपंगाचं सर्टिफिकेट काढून टाक, जेवढे टक्के तेवढे पैसे. सर्टिफिकेट लागतेच, पण भाऊ, कोर्ट नुसत्या त्या आकड्यावर जात नाही, या माणसाची कमाई त्या दुखापतीनं किती बुडाली ते पाहते. सुप्रीम कोर्टानं २०१० मध्ये राजकुमार विरुद्ध अजयकुमार या केसमध्ये हे साफ सांगितलं आहे, डावा हात गेला तं ड्रायव्हरची नाही तं सुताराची कमाई जवळजवळ शंभर टक्के जाते, सरकारी ऑफिसातल्या क्लार्कची नोकरी मात्र टिकू शकते.

हिशोब असा लागते. समजा सालगडी आहे, वय ३४, महिन्याला १२,००० पडतात, म्हणजे वर्षाचे १,४४,०००. पुढं मजुरी वाढलीच असती, म्हणून पक्की नोकरी नसणाऱ्याला चाळिशीच्या आत ४० टक्के वरून धरतात (४० ते ५० मध्ये २५, त्यापुढं ६० पर्यंत १०), हे २०१७ च्या प्रणय सेठी निकालातले आकडे आहेत. झाले २,०१,६००. मग वयाचा गुणक, म्हणजे वर्षाची कमाई किती पट धरायची तो आकडा, त्याचा तक्ता २००९ च्या सरला वर्मा निकालात आहे, ३१ ते ३५ वयाला १६. गुणले का ३२,२५,६००. मृत्यूच्या केससारखा स्वतःच्या खर्चाचा हिस्सा जखमी माणसाच्या रकमेतून कापत नाहीत, हे ध्यानात ठेवा.

आता याला टक्का लावतात अन् सगळी मारामारी इथंच आहे. सर्टिफिकेटवर पायाचे ४० टक्के आहेत, गाडीच्या विमा कंपनीच्या वकिलानं डॉक्टरकडून पूर्ण शरीराच्या मानानं २० च वदवून घेतले, आपल्याकडून कोणी काही दाखवलं नाही, तं हातात ६,४५,१२०. त्याच माणसानं सांगितलं का निंदणाला उकिडवं बसता येत नाही, डवऱ्यामागं चालता येत नाही, पाठीवर पंप घेऊन फवारणी होत नाही, मालकानंही येऊन सांगितलं का म्हणून याला कामावरून कमी केलं, अन् कोर्टानं कमाईचं नुकसान ६० टक्के मानलं, तं १९,३५,३६०. म्हणून सर्टिफिकेट देऊन मोकळं होऊ नका, ज्यानं उपचार केले किंवा तपासलं तो डॉक्टर साक्षीला यायला पाहिजे अन् वकिलानं त्याला हेच विचारायला पाहिजे का हा माणूस कोणतं काम करू शकते, कोणतं नाही.

कमाईचा पुरावा नसला तं कोर्ट किमान वेतन नाही तं अंदाजानं आकडा धरते. सालगड्याचं साल गुढीपाडव्याला ठरते, त्याची चिठ्ठी असली तं जपून ठेवा, नसली तं मालकाची साक्ष. स्वतःचं वावर असणाऱ्या कास्तकाराचं दुखणं वेगळं आहे, तो सातबारा जोडतो अन् कंपनी म्हणते वावर तं जागेवरच आहे, उत्पन्न चालूच आहे. मग तुम्ही स्वतः काय करत होते अन् आता त्या कामाला मजूर लावावे लागतात का, वावर मक्त्यानं द्यावं लागलं का, हे दाखवा. अपघाताच्या आधीच्या अन् नंतरच्या कापूस-सोयाबीनच्या काटापट्ट्या, मजुरीची वही, सगळं. बाईची केस असली तं अर्जात नुसतं घरीच असते असं लिहू देऊ नका, घरकामाचेही पैसे धरतात अन् ती वेचणीला जात असंल तं ती मजुरी वेगळी सांगा.

याशिवाय औषधाची बिलं, गाडीभाडं, खुराक, सोबत राहणाऱ्या माणसाचा खर्च, जितके महिने काम बंद त्याची पूर्ण मजुरी, पुढं रॉड काढायचा असंल तं त्याचा अंदाज डॉक्टरच्या सहीनं. वेदनेचे अन् आयुष्यातला आनंद गेल्याचे पैसे वेगळे असतात, जखमी पोराचं-पोरीचं लग्न त्यामुळं अडलं तं तेही मांडता येते.

तुमचीही चूक निघाली तं तेवढे टक्के कापतात. पण ट्रिपल सीट होते एवढ्यावरून कापता येत नाही, त्यामुळं अपघात झाला किंवा इजा वाढली हे दाखवावं लागते. कंपनीनं तडजोडीचा आकडा दिला तं वरचा हिशोब कागदावर मांडूनच सही करा.

१ एप्रिल २०२२ पासून कायद्यात दाव्याला अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे, म्हणून प्लास्टर निघायची वाट पाहू नका, एफआयआर अन् पंचनाम्याची कॉपी घेऊन वकील गाठा. अपघात नागपूरले झाला अन् तुम्ही यवतमाळ जिल्ह्यातले असले तरी दावा आपल्या राहत्या भागातल्या ट्रायब्युनलमध्ये (अपघाताचे दावे चालवणारं कोर्ट) टाकता येते, त्यासाठी नागपूरच्या चकरा माराव्या लागत नाहीत.